नऊ जिंकलेले सामने

नेडीन व्होरपालनं तो कागद तीनदा वाचला. पहिल्यांदा तिला वाटलं, आपण भलत्याच मुलाची फाईल उघडली. दुसऱ्यांदा वाटलं, एखादा विषय नजरेतून सुटला असेल. तिसऱ्यांदा मात्र तिनं शाळकरी मुलीसारखी बोटांवर बेरीज केली. तीन विषय, प्रत्येकी तीन क्रेडिट. नऊ. बारा हवे होते, आणि होते नऊ.

ती खुर्चीत मागे टेकली. नोव्हेंबरातला गुरुवार, दुपारचे साडेतीन. कॉलेजच्या नोंदणी कचेरीच्या खिडकीबाहेर मैदानावरून एक शिट्टी आली, मग दुसरी, लांबलचक. ती लांब शिट्टी तिच्या नवऱ्याची होती. सव्वीस वर्षं तिनं ती ऐकली होती. झोपेत ऐकली असती तरी ओळखली असती.

फाईल होती लीलंड कुबियाकची. टॅमरॅक कॉलेजच्या अमेरिकन फुटबॉल संघातला तो सेंटर. वाकून, दोन पायांमधून चेंडू मागं उभ्या असलेल्या क्वार्टरबॅकच्या, म्हणजे चेंडू फेकणाऱ्या मार्कस टिलरीच्या, हातात द्यायचा आणि त्याच क्षणी समोरून अंगावर येणाऱ्या सव्वाशे किलोच्या गड्याला छातीवर झेलायचं, हे त्याचं काम. गाव त्याला कुबी म्हणायचं. प्रेक्षकांतलं कुणी सेंटरकडे बघत नाही, पण नेडीनचा नवरा, संघाचा कोच गॉर्डी म्हणायचा, "कुबी आहे म्हणून मला शुक्रवारी झोप लागते."

नियमात कुठं गोंधळाला जागा नव्हती. ज्या सत्रात खेळायचं, त्या सत्रात विद्यार्थी निदान बारा क्रेडिटचे विषय शिकत असला पाहिजे. त्याहून कमी असताना तो मैदानात उतरला, तर ज्या ज्या सामन्यात उतरला तो तो सामना संघ हरला असं धरायचं. मे महिन्यात पदवी घेणाऱ्या मुलांचं काय काय राहिलंय हे नेडीन दर नोव्हेंबरात तपासायची. त्या तपासणीतच कुबीची फाईल तिच्या हाताखाली आली होती. सप्टेंबरच्या तीन तारखेला त्यानं सकाळी आठचा रसायनशास्त्राचा वर्ग सोडला होता. हंगामाचा पहिला सामना सात तारखेला होता.

आणि टॅमरॅक यंदा एकही सामना हरलं नव्हतं.

हे टॅमरॅकमध्ये आजवर घडलंच नव्हतं. गॉर्डीनं संघ हातात घेतला त्याला सव्वीस वर्षं झाली. त्यातल्या सर्वांत चांगल्या वर्षी दहापैकी सहा सामने जिंकले होते, आणि त्या सहाचाही केवढा कौतुकसोहळा झाला होता. एका वर्षी तर सगळे दहा हरले. त्या हिवाळ्यात न्हाव्यानं गॉर्डीचे केस कापताना अवाक्षर काढलं नव्हतं. यंदा मात्र तिसरा जिंकला, चौथा जिंकला, आणि गाव हळूहळू खुळावत गेलं. सहावा जिंकल्यावर दुकानांच्या काचांवर आकडे रंगवले गेले. आठव्यानंतर पाद्री रविवारची प्रार्थना दहा मिनिटं आधी संपवू लागले, कारण लोकांना अंगणात उभं राहून कालच्या सामन्याबद्दल बोलायचं असायचं. नऊ सामने झाले होते. परवाच्या शनिवारी ग्रॅनिट लेकबरोबर दहावा. तो जिंकला की थेट राष्ट्रीय फेरी.

नेडीननं खालचा खण उघडला. दर शुक्रवारी संघाची यादी या कचेरीत यायची. प्रत्येक नावापुढे क्रेडिटचा आकडा, खाली प्रशिक्षकाची सही. मग नेडीननं पडताळून शिक्का मारायचा. नऊ शुक्रवार, नऊ याद्या. तिनं त्या टेबलावर ओळीनं मांडल्या. नवव्या यादीवरही कुबियाकपुढे गॉर्डीच्या उजवीकडे झुकणाऱ्या अक्षरात बारा लिहिलेले होते. त्याखाली तिचा शिक्का. पडताळणी तिनं एकाही यादीची केली नव्हती. नवऱ्याचं अक्षर, त्यात काय पडताळायचं!

बिचाऱ्यानं ऑगस्टची जुनी यादी बघूनच दर वेळी उतरवलं असणार, असं तिच्या मनात आलं. त्याला हे कसं सांगायचं, कुठल्या शब्दांत सांगायचं, हे जुळवत तिनं याद्या परत खणात ठेवल्या.

घरी जाताना ती चीजच्या दुकानात थांबली, तर दुकानाच्या बाईनं एक जादा पाकीट तिच्या पिशवीत कोंबलं. "कोचसाठी! शनिवारी त्या ग्रॅनिट लेकवाल्यांना चारी मुंड्या चीत करा म्हणावं!" नेडीन हसली. हसताना आपला चेहरा कसा दिसत असेल याचीच तिला भीती वाटली.

गॉर्डी सहाला घरी आला. गालांवर थंडीची लाली, टोपी तशीच डोक्यावर. कोंबडी घातलेल्या शेवयांचं भांडं तिनं ओव्हनमधून काढून मधोमध ठेवलं, तोवर त्याच्या बोलण्याची गाडी सुटलीही होती.

"टिलरीनं आज काय फेकले चेंडू! चाळीस यार्ड, नेडीन, आणि वारा तोंडावर. म्हातारा बड म्हणाला, एवढ्या वर्षांत असा हात पाहिला नाही. बड! जो कुणाला बरं म्हणत नाही तो बड!"

"गॉर्डी."

"आणि कुबीनं—"

"गॉर्डी, कुबीचे नऊच क्रेडिट आहेत."

दुपारपासून तिनं दहा तऱ्हांनी जुळवलेली वाक्यं होती, त्यातलं एकही तोंडून आलं नाही. त्याचा काटा भांड्याच्या काठावर थांबला. तो आता 'काय?' म्हणेल, 'कसं शक्य आहे?' म्हणेल, खुर्ची मागं सारून उठेल, याची ती वाट पाहत राहिली. त्यानं सावकाश टोपी काढली, टेबलावर ठेवली आणि विचारलं,

"आणखी कुणी पाहिलं?"

नेडीनला आधी त्या प्रश्नाचा अर्थच लागला नाही. मग लागला, आणि कुणीतरी छातीवर दोन्ही हातांनी ढकलावं तशी ती खुर्चीच्या पाठीला टेकली.

"तुला ठाऊक होतं."

"ऐक आधी."

"तुला ठाऊक होतं, गॉर्डी!"

"अगं, ऐकून तर घे. त्याचा बाप गोठ्याच्या माळ्यावरून पडला, खुब्याचं हाड मोडलं. आठवतं ना? बेचाळीस गाई. पोरगं पहाटे चारला उठून धारा काढत होतं, आठच्या वर्गाला पोचणार कसं? माझ्याकडे आला. म्हणाला, कोच, मी फुटबॉल सोडतो. मी म्हटलं, फुटबॉल नको सोडू, रसायनशास्त्र सोड. तुला माझ्या विषयात घालतो. खेळ शिकवण्याची पद्धत. तीन क्रेडिट, दुपारची वेळ. माझ्या मनात खरंच होतं ते. फॉर्म टेबलावर होता. मग पहिला सामना आला, दुसरा आला... सोळा तारखेला आठवण झाली तेव्हा मुदत उलटून सहा दिवस झाले होते."

"त्याच दिवशी सांगायचंस."

"आपण दोन सामने जिंकलो होतो."

"म्हणून?"

"सव्वीस वर्षांत पहिल्यांदा जिंकत होतो, नेडीन." तो खालमानेनं म्हणाला. "वाटलं, पुढचा हरूच. मग कुणाच्या लक्षातही येणार नाही. हरलोच नाही."

"नऊ शुक्रवार त्याच्या नावापुढे बारा लिहिलंस."

"हो."

"आणि ती यादी माझ्यापुढे ठेवलीस."

"हो."

"मी वाचेन अशी भीती नाही वाटली?"

"तू वाचत नाहीस हे मला माहीत होतं."

हे बोलल्यावर त्याचं त्यालाच कळलं काय बोललो ते. तो हात पुढे करू लागला, तशी तिनं आपले हात टेबलावरून काढून मांडीवर घेतले.

शेवया निवत गेल्या. मग तिनं विचारलं, "पोराला माहीत आहे?"

"नाही. त्याला वाटतं त्याचं नाव माझ्या विषयात आहे." गॉर्डीनं घसा खाकरला. "दर मंगळवारी दुपारी येतो. वही घेऊन."

"कशासाठी?"

"शिकायला. मी शिकवतो ना त्याला."

नवऱ्याचा खोटेपणा तिनं कसाबसा गिळला होता. पण त्या धिप्पाड पोरानं चार वाजता उठून धारा काढायच्या, मग दुपारी कुठल्याच नोंदवहीत नसलेल्या विषयाच्या वर्गाला वही घेऊन बसायचं, आणि समोर बसून गॉर्डीनं त्याला शिकवायचं, हे काही तिच्या घशाखाली उतरेना.

"एकच शनिवार राहिलाय," गॉर्डी म्हणाला. "तेवढा होऊ दे. सोमवारी मी स्वतः जातो डीनकडे."

"जिंकलात तर पुढं राष्ट्रीय फेरी आहे. सोमवारी म्हणशील, फेरी होऊ दे."

त्यानं टेबलावरची टोपी उचलून मांडीवर घेतली. नाही म्हणाला असता तर कदाचित तिनं ऐकलंही असतं.

"सकाळपर्यंत विचार कर," ती म्हणाली आणि भांडं उचलून आत घेऊन गेली.

शुक्रवारी ती उठली तेव्हा त्याची निळी पिकअप गाडी दारात नव्हती. स्वयंपाकघरात कॉफी केलेली होती, दोघांपुरती. तो डीनकडे गेला असेल या आशेवर ती कॉलेजला पोचली. डीनच्या दारासमोर कुणी नव्हतं. मैदानाच्या बाजूनं लांब शिट्टी ऐकू आली.

तिनं खणातून नऊ याद्या आणि कुबीची फाईल काढली आणि जिना चढली. डीन डॉ. अर्लीन फॉस गळ्यात संघाचा हिरवा मफलर घालून बसल्या होत्या. त्या शुक्रवारी अख्ख्या कॉलेजानंच हिरवं घातलं होतं.

"ये, ये! उद्याचा मान तुमच्या घराण्याचा!" म्हणत त्यांनी फाईल हातात घेतली. मग त्या वाचत गेल्या. वाचता वाचता त्यांचा एक हात मफलरकडे गेला, आणि त्यांनी तो काढून खुर्चीवर टाकला. आपण काढला हे त्यांच्या ध्यानातही आलं नसावं.

"गॉर्डीला माहीत आहे तू इथं आली आहेस ते?"

"मी सांगितलेलं नाही. पण तो मला ओळखतो."

"नेडीन, शिक्का तुझा आहे."

"म्हणूनच मी आले. माझंही काय ते लिहून घ्या."

डॉ. फॉसनी उठून दार लावलं. मग फोन सुरू झाले. अकराच्या सुमाराला सगळं ठरलं होतं. कॉलेजनं आपण होऊन नऊच्या नऊ सामने सोडून दिले. कुबियाक उद्या खेळणार नाही. कोच व्होरपाल यांना त्या क्षणापासून संघाचं काम बंद, मैदानाच्या फाटकाच्या आतही यायचं नाही. दहावा सामना ठरल्याप्रमाणे होईल. तो गॉर्डीच्या मदतनिसानं, म्हाताऱ्या बड लिंडक्विस्टनं बघायचा.

मुलांना सांगायला मात्र गॉर्डीला एकदा आत जाऊ दिलं. कपडे बदलायच्या लांबट खोलीत साठ-पासष्ट मुलं बाकांवर बसली होती. डॉ. फॉस दारात उभ्या राहिल्या. नेडीनला कुणी बोलावलं नव्हतं. ती गेली, आणि भिंतीला लागून उभी राहिली.

गॉर्डीनं काही लपवलं नाही. बापाचा खुबा, सोडलेला वर्ग, राहून गेलेला फॉर्म, नऊ शुक्रवार, सगळं सांगितलं. शेवटी म्हणाला, "यात लीलंडची काडीचीही चूक नाही. हे मी केलं."

मग कुबी उभा राहिला. त्याचा चेहरा पिठासारखा पांढरा झाला होता.

"पण कोच, माझी वही आहे," तो म्हणाला. "पाऊण वही भरलीय. तुम्ही तपासून खूणसुद्धा करायचात."

गॉर्डीनं डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली.

"मग ते काय होतं?" कुबीनं विचारलं. त्याला खरंच उत्तर हवं होतं. ते मिळेना तेव्हा तो खाली बसला आणि त्यानं ते मोठाले हात डोक्यावर ठेवले. त्याच्या शेजारचा पोरगा रडत होता.

मार्कस टिलरी, क्वार्टरबॅक, पुढच्या बाकावरून उठला. हा मिसिसिपीचा मुलगा. घर लांब, म्हणून गेली तीन वर्षं नोव्हेंबरातल्या थँक्सगिव्हिंग सणाचं जेवण व्होरपालांकडे जेवायचा. नेडीनच्या हातची भोपळ्याची मिठाई तो तीनतीनदा मागून घ्यायचा.

"कुणी सांगितलं डीनना?"

गॉर्डीनं मान वर केली नाही.

"मी," नेडीन म्हणाली.

साठ-पासष्ट माना वळल्या.

"तुम्ही?" टिलरी म्हणाला. "मिसेस व्होरपाल, तुम्ही? दोन दिवस थांबता नाही आलं तुम्हाला?"

"नाही रे."

"का पण?"

"उद्याही तो खेळला असता, तर उद्याचा सामनाही तुमचा राहिला नसता. नऊ गेले. दहावा तरी तुमचा असू दे."

"आम्ही हरलो तर?"

"हरलात तरी तुमचाच."

टिलरीनं तिच्याकडे असं पाहिलं, जसं आजवर कुठल्याही मुलानं पाहिलं नव्हतं. मग हेल्मेट बाकावर आपटून तो बाहेर गेला. बड लिंडक्विस्ट सत्तरीचा, शाळेत सुतारकाम शिकवून निवृत्त झालेला. तो गुडघ्यांवर हात टेकत उठला.

"झालं ते झालं. सामना उद्या एक वाजता. भाषण मला जमत नाही. ओवेन, बाळा, बाहेर चल. दोनशेदा चेंडू मागं टाकायचाय तुला."

ओवेन डाल पहिल्या वर्षातला, अठराचा. कुबीच्या जागी तोच होता. हंगामभरात तो सगळा मिळून सात मिनिटं खेळला होता.

शनिवारी सकाळपर्यंत गावाला सगळं कळलं होतं. काचांवरचे आकडे काहींनी खरवडून काढले होते. काहींना जमलं नव्हतं, रंग नुसताच फासला गेला होता. नेडीननं घरी बसायचं नाही असं ठरवलं होतं. मैदानाच्या फाटकापाशी चर्चमधल्या बायका सॉसेज भाजत होत्या. तिच्याबरोबर चर्चमध्ये गाणं म्हणणाऱ्या फिलिसनं तिच्या हातात पाव दिला तो मान फिरवून. बाराव्या रांगेत ती नेहमीच्या जागी बसली. तिच्या आधी आलेले तीनजण उठून खाली जाऊन बसले. दोन्ही बाजूंना मोकळ्या फळ्या.

मैदानापलीकडे टेकडीवर कबरस्तान आहे. तिथं एक निळी पिकअप गाडी उभी होती, तोंड मैदानाकडे करून. आतला माणूस दिसत नव्हता. दिसायची गरजही नव्हती.

नाणेफेकीला दोन्हीकडचे कप्तान मध्ये जातात. टॅमरॅकच्या बाजूनं टिलरी निघाला, आणि चार पावलांवर थांबून मागं वळला. कडेला जीन्स आणि जाड कोट घालून कुबी उभा होता. टिलरीनं जाऊन त्याच्या कोटाची बाही धरली आणि त्याला ओढतच मैदानात नेलं. पंचानं आधी टिलरीकडे, मग कुबीच्या बुटांकडे बघितलं. आणि नाणं उडवलं. टाळी कुणी वाजवली नाही, पण गर्दीतली कुजबूज थांबली.

खेळ चांगला झाला. ओवेन पहिल्या पाच मिनिटांत दोनदा आडवा झाला, मग सावरला. समोरचा गडी त्याच्याहून वीस किलोनं जड होता. पण पोरगं दर वेळी उठत होतं. शेवटच्या मिनिटाला ग्रॅनिट लेकचे वीस गुण होते आणि टॅमरॅकचे चौदा. चेंडू टॅमरॅकच्या हातात, शेवटची रेषा आठ यार्डांवर. एक टचडाऊन, म्हणजे चेंडू रेषेपार नेण्याचे सहा गुण, वरचा एक गुण, की सामना खिशात. लोक उठून उभे राहिले. नेडीनही उठली. आपण ओरडतोय हे तिला घसा खरखरल्यावर कळलं.

ओवेन वाकला. टिलरी त्याच्या मागं पाच पावलांवर, हात पुढे करून. चेंडू आला तो त्याच्या डोक्यावरून. टिलरीनं उडी मारली, बोटं लागली न लागली, आणि चेंडू मागं मोकळ्या गवतावर उड्या मारत गेला. त्याच्यावर ग्रॅनिट लेकचे तिघे पडले.

संपलं.

इतकी माणसं एकदम गप्प होतात तेव्हा कानात कसं होतं ते नेडीनला त्या दिवशी कळलं. मग मागच्या रांगेतून अगदी शांत आवाजात कुणीतरी म्हणालं, "झालं समाधान?" तिनं वळून पाहिलं. न्हावी होता. त्याच्या डोळ्यांत पाणी होतं.

मैदानात ओवेन तिथंच गुडघ्यांवर बसला होता, कपाळ गवताला टेकून. बाकीची मुलं त्याच्याभोवती नुसती उभी होती, त्याला हात लावायचं धाडस कुणाला होईना. मग कुबी चालत गेला, जीन्समध्ये. नंतर टिलरीनं जे सांगितलं त्यावरून ते बोलणं असं झालं:

"ऊठ. माझ्याही हातून असा गेलाय."

"कधी?"

"सातवीत."

"सातवीत!"

"अरे, आईसुद्धा बघायला आली होती. ऊठ, थंडी वाजतेय मला."

सोमवारी कॉलेजच्या नोंदीत त्या हंगामाचा आकडा लिहिला गेला. विजय शून्य, पराभव दहा. ज्यांनी ते नऊ शनिवार डोळ्यांनी पाहिले होते, ते तो आकडा वाचून पुन्हा वाचायचे. गॉर्डीनं राजीनामा दिला. नेडीनला तंबी मिळाली आणि याद्यांचं काम तिच्याकडून काढून घेतलं; नवरा-बायकोकडे सही आणि शिक्का दोन्ही कसे काय दिले होते, असा प्रश्न आता सगळ्यांना पडला, जो सव्वीस वर्षं कुणालाच पडला नव्हता.

घरात गॉर्डी मीठ दे, दिवा लावू का, एवढंच बोलायचा. तळघरात जाऊन बसायचा. ती वर असायची. भांडण झालं असतं तर तिला बरं वाटलं असतं.

थँक्सगिव्हिंगला दरवर्षी दहा-बारा मुलं जेवायला असायची, नऊ किलोची टर्की लागायची. यंदा तिनं एक कोंबडी आणली. दुपारी एक वाजता दाराची घंटा वाजली. दारात टिलरी उभा होता, खांद्यांवर बर्फाचे कण घेऊन.

"दरवर्षी येतो म्हणून आलो," तो म्हणाला. "पण मी अजून रागावलेलो आहे."

"असू दे. आत ये, वारा येतोय."

गॉर्डी तळघराच्या जिन्यावरून वर आला आणि दारातच थबकला. टिलरीनं त्याच्याकडे बघितलं.

"तुमच्यावर जास्त रागावलोय, कोच."

"बरोबर आहे," गॉर्डी म्हणाला.

तिघांत एक कोंबडी पुरली नाही, बटाटे जास्त उकडावे लागले. जेवताना टिलरीच बोलत राहिला. कुबीचा बाप आता कुबडी घेऊन गोठ्यापर्यंत येतो. कुबी सोडलेलं रसायनशास्त्र उन्हाळ्यात पूर्ण करणार, पदवी मे ऐवजी ऑगस्टमध्ये. ओवेन रोज एकटाच मैदानात जाऊन चेंडू टाकत बसतो. बर्फ पडला तरी. भोपळ्याची मिठाई त्यानं एकदाच घेतली. नेडीन दुसऱ्यांदा वाढू लागली तर ताटावर हात धरला.

तो गेल्यावर नेडीन भांडी घासत होती, आणि गॉर्डी फडकं घेऊन शेजारी येऊन उभा राहिला. तीन ताटं पुसून झाली.

"त्या दिवशी मला थोडा वेळ द्यायचा होतास," तो म्हणाला.

"एक रात्र दिली होती. सकाळी तू मैदानावर गेलास."

त्यानं वाढायचं मोठं ताट उचललं. पुसत राहिला, कोरडं झालं तरी पुसत राहिला.

"दारापर्यंत गेलो होतो," तो म्हणाला. "डीनच्या. सात वाजता. आत दिवा होता. उभा राहिलो, आणि मग पाय मैदानाकडे वळले. ते कसे वळले हे मला अजून कळत नाही, नेडीन."

तिनं नळ बंद केला. एवढ्या वर्षांत तिनं नवऱ्याला हरलेल्या सामन्यांनंतर पाहिलं होतं, दहाच्या दहा हरलेल्या वर्षीही पाहिलं होतं. पण स्वतःचीच अशी धास्ती घेतलेला माणूस तिनं त्याच्यात कधी पाहिला नव्हता. तिनं त्याच्या हातातलं ताट काढून घेतलं आणि फळीवर ठेवलं, आणि दोघं त्या ओट्यापाशी बराच वेळ तसेच उभे राहिले.